दोन बोटांची फट

केल्विन ऑर्डवेने मगातलं पाणी पुन्हा एकदा बारीक धारेने पन्हळीत सोडलं. पाणी घरंगळत चाकापाशी आलं, खालच्या पात्याला टेकून क्षणभर अडल्यासारखं झालं, आणि मग चाकाखालून सरळ पलीकडे निघून गेलं. चाक जागचं हललं नाही.

शुक्रवारी हेच चाक सुरेख फिरलं होतं. पीचच्या फोडींचा रिकामा डबा हे त्याचं पोट. त्याच्याभोवती आठ पाती, प्रत्येक पातं आइस्क्रीमच्या दोन काड्या कोनात जोडून केलेलं. डब्यातून आरपार गेलेली विणायची सुई हा आख, आणि तो टेकवायला दोन्ही बाजूंना बुचाचे तुकडे. फळांच्या खोक्याच्या फळ्यांची पन्हळ केली होती. तिच्यात चाकाच्या खाली, पात्यांना जेमतेम लागणार नाही असा गोलाकार तळ हवा होता. प्लास्टर आणायला चाळीस किलोमीटर कोण जाणार, म्हणून केल्विनने बुजवलेल्या पाटाच्या कडेची चिकण माती बादलीभर आणली, अंगठ्याने दाबून दाबून तळ बसवला आणि वरून मेणबत्तीचं मेण ओतलं.

त्याने चाकाला बोटाने टिचकी मारली. चाक मोकळं फिरलं आणि थांबलं. आख अडकला नव्हता.

"गस, याला हात कुणी लावला?"

शेडच्या दुसऱ्या टोकाला गस पोल्नर एका खुर्चीचा पाय घासत बसला होता. यारलोक गावातल्या निवृत्त पुरुषांची ही सुतारशेड. कधीकाळी पंधरा-वीस जण असायचे. आता सोमवारी आणि शुक्रवारी हे दोघेच.

"कशाला हात?"

"चाकाला. शनिवार-रविवार किल्ली तुझ्याकडे होती."

"किल्ली होती. म्हणून मी इथे येऊन तुझ्या खेळण्याशी खेळत बसलो, असं म्हणणं आहे का तुझं?"

"शुक्रवारी फिरत होतं. आज फिरत नाही. मधे कुणीतरी काहीतरी केलंच असणार. आपोआप कसं थांबेल?"

गसने खुर्चीचा पाय खाली ठेवला. "तुझ्या चाकाला का थांबावंसं वाटलं ते त्यालाच विचार. मी शनिवारी बायकोला डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं होतं आणि रविवारी चव्वेचाळीस डिग्रीत मेल्यासारखा पडून होतो. आळ घ्यायला दुसरं कुणी उरलं नाही वाटतं गावात."

पण केल्विनचं लक्ष त्याच्या बोलण्याकडे राहिलं नव्हतं. 'आपोआप कसं थांबेल' हे तोंडातून निघाल्यावर त्याचा हात मगावर तसाच राहिला होता. हे वाक्य आपण याआधी एकदा म्हटलं आहे, अगदी याच शब्दांत, हे त्याला आठवलं. कुठे आणि कुणाला, तेही आठवलं.

त्याने चष्मा कपाळावर सरकवला आणि वाकून पन्हळीत पाहिलं. दोन दिवसांच्या उन्हाने पत्र्याच्या शेडमध्ये माती वाळून आक्रसली होती. कडेने फळीपासून सुटली होती, आणि मधे खाली बसली होती. मेणाला बारीक तडा गेला होता. शुक्रवारी जिथे कागद जेमतेम सरकला असता, तिथे आता आगकाडी आडवी जाईल एवढी फट होती. धार बारीक असली की सगळं पाणी त्या फटीतून मुकाट्याने निघून जात होतं. पात्यावर भार येतच नव्हता.

त्याने बादली उचलून भसाभसा पाणी ओतलं. चाक फिरलं. मगाने धार धरली. चाक थांबलं आणि पाणी वाहत राहिलं.

"बघ," गस जवळ येऊन म्हणाला. "कुणी हात नाही लावला. तुझी मातीच कच्ची. तो खिडकीतला पुट्टीचा डबा घे, फट भरून टाक. दहा मिनिटांचं काम."

केल्विन तिथेच वाकून उभा राहिला. गसला वाटलं याची कंबर धरली, म्हणून त्याने स्टूल आणून मागे ठेवलं.

*

केल्विन चौतीस वर्षं या भागाचा पाटकरी होता. मोठ्या कालव्यातून चाऱ्या फुटायच्या, चाऱ्यांमधून शेतं भिजायची, आणि प्रत्येक शेताच्या तोंडाशी एक पाणचाक असायचं, माणसाच्या छातीएवढं, पत्र्याचं, आठ पात्यांचं. शेतात जाणारं पाणी ते चाक फिरवत जायचं आणि चाकाचे फेरे मोजणारं यंत्र किती पाणी गेलं ते सांगायचं. शेताच्या तोंडाशी पाण्याचं दार उघडायचं, बंद करायचं, कुणाची पाळी कधी ते ठरवायचं आणि फेरे टिपून घ्यायचे, हे केल्विनचं काम. त्याचा शब्द म्हणजे पाणीखात्याचा शब्द. लोक त्याला घाबरायचे असं नाही, पण त्याची गाडी धुरळा उडवत येताना दिसली की बोलणं आवरतं घ्यायचे.

मग चाकं गेली. त्यांच्या जागी आपोआप उघडणारी दारं आली. मग पाणीच वर कुठेतरी विकलं गेलं आणि दारंही गेली. पाच नंबरचा पाट बुलडोझरने बुजवला. शाळा बंद झाली, फुटबॉलचा संघ शेजारच्या गावाच्या संघात विरून गेला. चाकं भंगारात गेली. जी राहिली ती हॉटेलांच्या दारात रंगवून, जिरेनियमची फुलझाडं लावून ठेवली.

तीन आठवड्यांपूर्वी इल्मा स्कॅडन शेडच्या दारात येऊन उभी राहिली होती. गावाच्या जुन्या वाचनालयात इतिहासाची एक खोली करायची चालली होती आणि ती त्या समितीवर होती. समिती म्हणजे ती आणि आणखी दोन बायका.

"एक चाक पाहिजे," ती म्हणाली होती. "लहानसं. पाणी घातलं की फिरेल असं. आता ते कसं चालायचं ते माहीत असलेला माणूस तुमच्याशिवाय राहिला नाही."

इतक्या वर्षांत ती त्याच्याशी एवढं बोलली नव्हती. पोस्टात, दुकानात, त्याच्या बायकोच्या अंत्यविधीला ती मान हलवायची आणि पुढे जायची. केल्विनने हातातली करवत खाली ठेवून "करतो" एवढंच म्हटलं. ती निघून गेल्यावर गसने विचारलं होतं, "कोण ही? तुला बघून अशी का उभी होती, भिंतीशी बोलल्यासारखी?" गस दहा वर्षांपूर्वी मुलीजवळ राहायला म्हणून या गावात आला होता. त्याला जुनं काही माहीत नव्हतं. माहीत असणारे बहुतेक सगळे आता गावाबाहेरच्या टेकाडावर, कबरस्तानात होते.

ते साल होतं त्र्याऐंशी. इकडे पाऊस हिवाळ्यात, वर्षाच्या मध्यावर पडतो, आणि तो हिवाळा कोरडा गेला होता. कालव्यात पाणी इतकं कमी की केल्विन प्रत्येकाला करंगळीएवढी धार मोजून देत होता. जमिनीला अशा भेगा पडल्या होत्या की कुत्र्याचा पाय अडकायचा. फेब्रुवारीतल्या, म्हणजे इथल्या भर उन्हाळ्यातल्या, एका दुपारी तो इल्माच्या नवऱ्याच्या, वॉलेस स्कॅडनच्या शेताच्या तोंडाशी पोचला. चाक थांबलेलं होतं. आणि पलीकडे, शेतातल्या चारीत पाणी चाललेलं होतं. चाकाशेजारी गवतात कुंपणाचा एक खुंट पडला होता.

चाकात खुंट घालून ते अडवायचं आणि बाजूने पाणी जाऊ द्यायचं, ही पाणी चोरायची जुनी रीत. केल्विनने ती आधीही दोनदा पकडली होती.

वॉलेस शेतातून चालत आला. उंच, किडकिडीत, कमी बोलणारा माणूस.

"मी हात लावलेला नाही," तो म्हणाला.

"मग हा खुंट?"

"चाकात शेवाळ अडकतं ते काढायला ठेवलाय. नेहमीच असतो."

"आणि चाक? आपोआप कसं थांबेल?"

वॉलेसने चाकाकडे पाहिलं. मग केल्विनकडे. "ते मला माहीत नाही," तो म्हणाला. "पण मी हात लावलेला नाही."

केल्विनने अहवाल लिहिला. स्कॅडनांचं दार उरलेल्या हंगामासाठी बंद झालं आणि वॉलेसचं नाव कचेरीबाहेरच्या फळ्यावर लागलं. आपल्या घशाला कोरड पडलेली असताना शेजाऱ्याने पाणी चोरलं, हे त्या उन्हाळ्यात कुणी माफ करण्यातलं नव्हतं. वॉलेस वीस वर्षं फुटबॉलच्या सामन्यांना वेळ मोजायला घड्याळ लावायचा. एप्रिलमध्ये संघाच्या लोकांनी ते काम त्याच्याकडून काढून घेतलं. चाक थांबवणारा घड्याळही थांबवेल, असं कुणीतरी दारूच्या गुत्त्यावर म्हणालं आणि ते महिनाभर गावात फिरलं. वॉलेसने कुणाशी वाद घातला नाही. चर्चमध्ये यायचा बंद झाला. गाई विकल्या. तेरा वर्षांनी हृदय बंद पडून गेला, तेव्हा शवपेटी उचलायला सहा माणसं व्हावीत म्हणून इल्माला दुसऱ्या गावाहून दीर बोलवावे लागले.

हे सगळं केल्विनला माहीत होतं आणि त्याचं त्याला कधी वाईट वाटलं नव्हतं असंही नाही. पण नियम तो नियम, असं म्हटलं की झोप यायची.

सोमवारी संध्याकाळी मात्र, शेडमधून घरी येऊन मांडीवर जेवणाची ताटली घेऊन बसल्यावर, त्याला दुसरंच आठवत राहिलं. त्याच वर्षीचा हिवाळा. पाऊस आला होता, चाऱ्या कोरड्या ठेवून डागडुजी चालली होती. दुरुस्तीच्या टोळीचा मुकादम ब्रॉफी स्कॅडनांच्या चाकाखालच्या खड्ड्यात उभा होता.

"केल, याचा तळ खाली बसलाय बघ. माती सुकून आत ओढली गेली असणार. दोन बोटं जातात."

केल्विन काठावरून खाली उतरला होता. वाकून त्याने पात्याच्या खाली हात घातला होता. दोन बोटं गेली होती. गार काँक्रीट आणि गार पत्रा यांच्यामध्ये ती तशीच ठेवून तो थोडा वेळ उभा राहिला होता.

"भरून टाक," तो म्हणाला होता. आणि बोटं पाटलोणीला पुसून पुढच्या चाकाकडे गेला होता.

तो थोडा वेळ म्हणजे किती? केल्विनने ताटली स्वयंपाकघरात नेऊन ठेवली. मांसाचा तुकडा तसाच राहिला होता. आपल्याला तेव्हा काही कळलं नव्हतं, असं त्याने स्वतःला सांगून पाहिलं. मग उभ्यानेच नळाखाली हात धुतले आणि पुसल्यावर पुन्हा धुतले.

*

शुक्रवारी गसने पुट्टीचा डबा उघडून त्याच्यासमोर ठेवला. केल्विनने झाकण परत लावलं.

"असंच नेणार?"

"असंच."

"न फिरणारं चाक? अरे, त्या बाईने फिरणारं मागितलंय. पुढच्या शनिवारी उद्घाटन. तुला हसतील लोक."

"हसू देत."

"तुझं डोकं तपासून घे," गस म्हणाला. मग थोड्या वेळाने, आवाज उतरवून, "काय झालंय केल? सोमवारपासून तू धड चहा प्यायला नाहीस."

केल्विनने सांगायला तोंड उघडलं. पण गसला सांगून काय होणार होतं? गस चुकचुकला असता, म्हणाला असता, तू तुझं काम केलंस. आणि तेवढ्यानेच केल्विनला बरं वाटलं असतं. त्याने मान हलवली आणि फळीवरचा भुसा झटकला.

रविवारी दुपारी त्याने चाक मोटारीत पुढच्या सीटवर ठेवलं आणि त्याला पट्टा लावला. इल्मा आता गावात, पाण्याच्या टाकीमागच्या गल्लीत राहत होती. विटांचं छोटं घर, पडदे उन्हासाठी ओढलेले. तिने जाळीचं दार उघडलं, त्याच्या हातातलं पाहिलं आणि बाजूला झाली.

"आज रविवार," ती म्हणाली. "समितीची माणसं गुरुवारी येणार होती."

"आधी तुम्हाला दाखवायचं होतं. पाणी लागेल."

तिने त्याला मागच्या मोरीत नेलं. कपडे धुवायच्या सिमेंटच्या टाकीवर त्याने पन्हळ आडवी ठेवली, नळाची रबरी नळी तिच्या तोंडाशी लावली. त्याने डाव्या हाताने टाकीची कड धरली आणि उजव्या हाताने नळ सोडला, पूर्ण. चाक फिरायला लागलं. पाती एकामागून एक पाण्यात शिरत होती, टप टप आवाज येत होता.

"छान झालंय," इल्मा म्हणाली. तिचा चेहरा जरा सैल झाला. "अगदी तसाच आवाज."

केल्विनने नळ हळूहळू आवळत करंगळीएवढ्या धारेवर आणला. टप टप मंदावली. थांबली.

पाणी वाहत होतं.

त्याला वाटलं होतं बोलावं लागेल. सोमवारपासून तो वाक्यं जुळवत होता. पण इल्मा चाकाकडे पाहत होती. मग तिने वाकून पलीकडच्या बाजूने पडणाऱ्या पाण्याखाली बोट धरलं, आणि त्याला कळलं की हिला समजावून सांगायची गरज नाही.

"माती सुकली की तळ खाली बसतो," तरी तो म्हणाला. "खालून फट पडते. पाणी कमी असलं की तिथूनच निघून जातं. कुणी हात न लावता."

इल्मा सरळ झाली.

"त्याच वर्षी, हिवाळ्यात, तळ दुरुस्त केला," केल्विन पुढे म्हणाला, कारण आता थांबलं तर पुन्हा जमणार नव्हतं. "तुमचा. दोन बोटं बसला होता. मी स्वतः हात घालून पाहिलं."

"त्याच वर्षी."

"हो."

"म्हणजे तेव्हा वॉलेस होता."

"होता."

"तेरा वर्षं होता त्यानंतर."

केल्विनने मान खाली घातली. नळी टाकीत सरकली होती आणि पाणी सिमेंटवर पडत होतं. इल्माने हात पुढे करून नळ बंद केला.

"मला हे कशाला दाखवता?" ती म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. त्याने मला एकदा सांगितलं, मी केलेलं नाही. मला चाकबिक लागलं नाही त्याच्यावर विश्वास ठेवायला."

"मी लिहून देतो. पाणीखात्याला, पेपरला."

"कुठलं खातं? ती कचेरी आता कुत्र्यांचा दवाखाना आहे. आणि गावात सांगणार कुणाला? ज्यांनी त्याचं घड्याळ काढून घेतलं ते सगळे त्याच्याच रांगेत झोपलेत. त्यांना जाऊन सांगा."

ती स्वयंपाकघरात गेली. केल्विन मोरीच्या दारात उभा राहिला. निघावं की थांबावं ते त्याला कळेना. तिने किटली ठेवली, सवयीने दोन कप काढले, मग त्यातला एक परत फडताळात ठेवला. थोड्या वेळाने तो पुन्हा बाहेर काढला.

"एक माणूस आहे," ती त्याच्याकडे पाठ करून म्हणाली. "मेरिन."

मेरिन म्हणजे तिची मुलगी. त्या वर्षी बारा वर्षांची होती. केल्विनला आठवत होती ती कुंपणावर चढून बसणारी, गुडघे फुटलेली पोर. सतराव्या वर्षी घर सोडून गेली, ती पार पश्चिमेला, पर्थला. बापाच्या अंत्यविधीला एक दिवस आली आणि त्याच संध्याकाळच्या गाडीने परत गेली, हे सगळ्या गावाने पाहिलं होतं.

"ती बापाशी धड बोलली नाही शेवटपर्यंत," इल्मा म्हणाली. "चोर मानायची त्याला. माझ्याशी भांडायची, तू त्याला पाठीशी घालतेस म्हणून. मी सांगितलेलं तिला पटलं नाही. तुम्ही सांगा. पाच वाजता फोन येतो तिचा, दर रविवारी."

भिंतीवरच्या घड्याळात पाचला सात मिनिटं कमी होती. केल्विनने टोपी काढली. तिने चहा ओतला, तो कुणीच प्यायला नाही.

फोन वाजला तेव्हा इल्माने तो उचलला, दोन शब्द हवेचे, दोन गुडघ्याचे बोलली, आणि मग म्हणाली, "मेरिन, इथे केल्विन ऑर्डवे आलेत. पाटकरी. त्यांना तुझ्याशी बोलायचंय. नाही, ठेवू नकोस. पाच मिनिटं." तिने फोनचं बटण दाबून आवाज मोकळा केला आणि फोन टेबलावर ठेवला.

केल्विन खुर्चीत पुढे सरकला. त्याने सांगितलं. जुळवलेली वाक्यं आठवली नाहीत. चिकण माती, पीचचा डबा, फट, ब्रॉफी, दोन बोटं, सगळं उलटसुलट आलं. "तुझ्या वडिलांनी काही केलं नव्हतं," तो शेवटी म्हणाला. "चूक माझी होती. आणि नंतर मला ती कळायला हवी होती. कळली होती, असंच धर."

मग मेरिन बोलली. आवाज भारदस्त, मध्यमवयीन बाईचा.

"मिस्टर ऑर्डवे, तुम्ही हे का करताय मला ठाऊक नाही. वय झालं की माणसाला असं काहीतरी वाटत असेल. पण चुकताय तुम्ही. बाबांनीच केलं होतं ते."

"मेरिन," इल्मा म्हणाली.

"आई, त्यांनी स्वतः सांगितलंय मला."

इल्माचा हात टेबलावर होता, तो तिथेच राहिला.

"काय सांगितलं?" केल्विनने विचारलं.

"की मीच केलं म्हणून. शाळेच्या फाटकाशी, गाडीत. त्या दिवशी मी लेसीच्या मुलाचा दात पाडला होता. रोज कुणी ना कुणी असायचंच. पाणीचोराची मुलगी म्हणायचे आणि मी तुटून पडायचे. त्या दिवशी माझाही ओठ फाटला होता. बाबा घ्यायला आले. त्यांनी रुमाल दिला. गाडी सुरू केली नाही. म्हणाले, मेरिन, आता मारामारी करायची नाही. पोरं खोटं बोलत नाहीत. मी खुंट घातला होता चाकात. मीच केलं ते. तर आता तुला कुणाशी भांडायचं कारण नाही." ती थांबली. "नुसते समोर बघत होते. म्हणाले, आईला हे सांगू नकोस, तिला त्रास होईल."

किटलीच्या तोंडातून अजून थोडी वाफ येत होती. बाहेर तारेवर गलाह पोपटांचा कलकलाट चालला होता.

"मी त्यांच्यासाठी महिनाभर मार खात होते," मेरिन म्हणाली, "आणि ते खरंच चोर निघाले. बारा वर्षांची होते मी."

केल्विनने इल्माकडे पाहिलं. तिचा चेहरा असा झाला होता की त्याने नजर काढून घेतली. टेबलावर मेणकापड होतं, त्यावर लिंबांची चित्रं होती. तो ती लिंबं पाहत बसला.

"मग मारामारी थांबवलीस?" इल्माने विचारलं.

"काय?"

"त्या दिवसानंतर."

"दुसऱ्या दिवसापासून. कुणी म्हणालं तर मी म्हणायचे, हो, केलंय त्यांनी. मग कुणी म्हणेनासं झालं."

"मला वाटलं, शाळेच्या बाईंनी समज दिली," इल्मा म्हणाली.

मग दूरवर, पर्थमध्ये कुठेतरी, खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"आई," मेरिन म्हणाली. आवाज मघाचा राहिला नव्हता. "बाबा कधी तुला म्हणाले होते का, की..."

"नाही," इल्मा म्हणाली. "मला तो म्हणाला, मी केलेलं नाही."

इल्माने कप पुढे ओढला, गार झालेल्या चहाकडे पाहिलं आणि परत सरकवला. केल्विनने टोपी गुडघ्यावर घेतली होती, तिची कड तो बोटांनी चाचपत होता. त्याला उठून जायचं होतं. हे बोलणं त्या दोघींचं होतं. तो अर्धा उठलाही.

"मिस्टर ऑर्डवे आहेत का अजून?"

"आहे," केल्विन म्हणाला.

"ते चाकाचं मला नीट कळलं नाही. तुम्ही भरभर सांगितलंत." तिने श्वास घेतला. "परत सांगा. पहिल्यापासून."

इल्मा खिडकीबाहेर पाहत होती. केल्विन खाली बसला, टोपी टेबलावर ठेवली आणि फोनच्या जवळ झुकला.

"त्या वर्षी पाऊस नव्हता," त्याने सुरुवात केली.